पान बासष्टवरील शिपाई

२ मार्च, सकाळी सात.
आजपासून रोजनिशी नियमित लिहिण्याचा निश्चय. कारणही तसेच आहे. संग्रहालयातील नाणेतज्ज्ञ बाईंचा प्राचीन नाण्यांवरील ग्रंथ पंधरवड्यात प्रसिद्ध होत आहे. काल बाई रस्त्यात भेटल्या. काका, तुमच्या कामाचा उल्लेख आलाय हं त्यात, असे म्हणाल्या आणि घाईने बसमध्ये चढल्या. भावना अनावर झाल्या असाव्यात.

३ मार्च.
नोंद असावी म्हणून लिहितो. एकवीस वर्षांपूर्वी बाई विद्यार्थिनी म्हणून नाणेदालनात आल्या, तेव्हा मी तेथील शिपाई होतो. नाणे कडेने धरावे, मधोमध बोट लावू नये, हे त्यांना प्रथम मी सांगितले. पुढे त्या डॉक्टर झाल्या, परदेशी परिषदांना गेल्या, दालनप्रमुख झाल्या. मी चौथी पास. परंतु पाया कधी दिसत नसतो.

५ मार्च.
भाषणाचा मसुदा तयार केला. ‘मी केवळ निमित्तमात्र’ हे वाक्य लिहिले. खोटे वाटले. गाळले. पत्नीस वाचून दाखविले. तुम्हाला बोलायला कोणी सांगितलंय का, असे तिने विचारले. तिला सभाशास्त्र अवगत नाही.

९ मार्च.
उल्लेख स्वच्छतेचाच असणार. मी रुजू झालो तेव्हा तांब्याची नाणी हिरवी पडली होती. दर सोमवारी दालन बंद असताना मी ती लिंबू व दंतमंजन लावून घासत असे. कोणी सांगितले नव्हते. ज्याला सांगावे लागते, तो नोकर. निवृत्तीच्या दिवशी तेहतीस नाण्यांत स्वतःचा चेहरा पाहून बाहेर पडलो.

१७ मार्च, सायंकाळी.
प्रकाशन समारंभ. आसन शेवटून दुसऱ्या रांगेत. बाईंनी मुद्रकाचे, यजमानांचे व घरच्या मांजराचेही आभार मानले. माझे नाही. भाषण खिशातच राहिले. ग्रंथ मात्र मिळाला. तोंडी आभारांपेक्षा छापील बरे.

१८ मार्च.
पान बासष्ट, ओळ नऊ. जसेच्या तसे उतरवितो : ‘या संग्रहातील तेहतीस नाण्यांवरील अक्षरे एका शिपायाने वर्षानुवर्षे घासल्यामुळे कायमची नष्ट झाली आहेत.’
चार वेळा वाचले. विश्वासघात! घासली, हे मान्य. परंतु ‘एका शिपायाने’? ना नाव, ना गाव!
पत्नी म्हणाली, घरातलं एक भांडं कधी घासलं नाहीत, आणि तिथे जाऊन राजांची नावं घासलीत होय! जेवण अर्धेच टाकून उठलो.

२० मार्च.
संग्रहालयात गेलो. बाईंनी खुर्ची दिली. ती न घेता उभ्यानेच जाब विचारला. काका, नाव मुद्दामच घातलं नाही, लोक तुम्हाला नावं ठेवतील, असे त्या म्हणाल्या. तो हिरवा थर म्हणजे नाण्याची कातडी असते हो, असेही म्हणाल्या. मग हे तेव्हाच का सांगितले नाही? तर म्हणे, तीनदा सांगितलं होतं. तुम्ही म्हणालात, पोरी, तू नवीन आहेस. मला असे काही स्मरत नाही.
ठणकावून सांगितले : दोष माझा असेल, तर तो पूर्ण नावानिशी माझाच असावा. एकवीस वर्षांची ओळख आणि मी ‘एक शिपाई’? बाईंचे डोळे भरून आले. शुद्धिपत्र निघणार आहे, त्यात बघते, म्हणाल्या.

२१ मार्च.
नाव, वडिलांचे नाव, आडनाव. सुवाच्य अक्षरांत तीन प्रती. कारकुनाच्या हाती दिल्या. ऱ्हस्व-दीर्घ दोनदा समजावले. आजोबा, एक प्रत पुरली असती, असे तो म्हणाला. हलगर्जीपणा येथूनच सुरू होतो.

६ एप्रिल, दुपारी.
शुद्धिपत्र आले. ‘पान ६२, ओळ ९ : “एका शिपायाने” ऐवजी “शिपायांनी” असे वाचावे.’
नाव नाही. प्रथम संताप आला. मग ध्यानात आले : आदरार्थी बहुवचन! चौथीपर्यंत का होईना, व्याकरण मी नीट शिकलो आहे. बाईंना जाण आहे. पत्नीस समजावून सांगितले. तिने मान हलविली. कोणत्या दिशेने, ते पाहिले नाही.

त्याच दिवशी, सायंकाळी.
आभार मानण्यासाठी संग्रहालयात गेलो. बाई रजेवर. कारकून म्हणाला, कसला आदर, आजोबा? बाई भांडल्या तुमच्या नावासाठी, पण वर साहेब म्हणाले, एकट्याचं नाव छापलं तर चौकशी लागेल. दालनात आजवर सहा शिपाई झाले, सगळ्यांत वाटून टाकलं.
बाकीच्या पाचांपैकी एकानेही आयुष्यात एक नाणे घासलेले नाही.