घोट्यातलं पाणी

ताई,

आज डॉक्टरांनी माझ्या घोट्यात सुई घालून पाणी काढलं. चांगली अर्धी सिरिंज भरली. म्हणाले, "उद्यापासून खुशाल चाला." मला रडूच कोसळलं. नर्सला वाटलं, दुखतंय. "झालं हो, संपलं," म्हणाली.

तिला काय सांगू? माझा पाय सुजला म्हणून तर अंथरुणाला खिळलेल्या आईला महिनाभर न्यायला तू शनिवारी येणार आहेस. सहा वर्षांत पहिल्यांदा. सहा वर्षं मी या दोन खोल्यांबाहेर एक रात्र झोपलेली नाही.

मी बरी झाले कळलं, की तुला लगेच काहीतरी काम निघेल. तुला काही मी आज ओळखत नाही. म्हणून हे पत्र उशीखालीच राहील, आणि पायाची पट्टीही शनिवारपर्यंत सुटणार नाही.

तुझी,
अजून तरी लंगडणारी धाकटी