मारियाबाईंना काय सांगू?

प्रिय बाबा,

आज एकोणीस दिवस झाले, क्युबाहून मारियाबाईंचा निरोप नाही. बोलू तरी कोणाशी? या गावात त्यांची काळजी करणारे तुम्ही एकटेच होता, म्हणून तुम्हालाच लिहायला बसले. शुद्ध लिहितेय हं, नाहीतर वरूनसुद्धा लाल पेन काढाल!

तिकडे दिवसदिवस लाईट नसते. तेल देणारे मित्रदेश हात आखडता घेतात, अमेरिकेची नाकेबंदी काही सुटत नाही. दुकानात औषध नाही, नळाला पाणी नाही. सत्त्याहत्तर वर्षांची बाई, एकटी, चौथ्या मजल्यावर. रक्तदाबाची गोळी मिळाली असेल का हो? फोन चार्जिंगअभावी बंद आहे, की... पुढचं मनात आलं की मी उठून घासलेलीच भांडी पुन्हा घासते.

तुमची मैत्री रेडिओमुळे झालेली. आपल्या सोनाळ्याच्या शाळेतून तुम्ही तिकडच्या रेडिओला पत्र टाकलं आणि तिकडच्या एका शिक्षिकेचं, मारियाबाईंचं, उत्तर आलं. मग तीस वर्षं, आधी इंग्रजीत पत्रं, पुढे फोनवर निरोप. एकदाही भेट नाही! आणि भांडणं तरी किती! त्या म्हणायच्या, आमचे पुढारी कोणाचं ऐकत नाहीत. तुम्ही म्हणायचात, दोष सगळा नाकेबंदीचा. रांगेत उभं राहायचं मारियाबाईंनी आणि पुढाऱ्यांची बाजू घ्यायची तुम्ही!

चौकातल्या फळ्यावर रोज तुमच्या हातची बातमी असायची. युनोत नाकेबंदीविरुद्ध मतदान झालं, आपल्या देशानं क्युबाच्या बाजूनं मत दिलं, की त्या दिवशी लाल खडू आणि पेढे. पानठेल्यावरचा नामदेव ओरडायचा, "गुर्जी, आपली डीपी जळून चार दिवस झाले, गावात लाईट नाही, अन् तुमी क्युबात काय करून राह्यले?" तुम्ही त्यालाच एक पेढा जास्त द्यायचात.

आता कबूल करते. तुम्ही गेल्यावर चौथ्या दिवशी त्यांचा निरोप आला, "गुरुजी, गप्प का?" मला सांगवलंच नाही. तुमच्या फोनवरून, तुमच्याच नावानं मी उत्तर दिलं. एकदाच म्हणता म्हणता आठ महिने! रागावलात ना? रागवाच.

मी आपली त्यांच्या हो ला हो करत गेले. पुढारी चुकले? हो बाई, चुकले. शेवटी त्यांनीच विचारलं, "तुम्ही हल्ली माझ्याशी भांडत का नाही? गुरुजी गेले का?"

मी त्याच दिवशी खरं काय ते लिहिलं. माफीही मागितली. त्यावर अजून एकच टिक आहे. म्हणजे त्यांच्यापर्यंत पोचलंच नाही. वर्गात मुलांकडून पाढे म्हणवून घेतानाही मी फोन बघते. मोठ्या बाई दोनदा बोलल्या.

काल नामदेवनं हाक मारली. "ताई, त्या बाईचा काही निरोप आला का वो?" मी मान हलवली. तर म्हणतो, "मंग फळ्यावर लिहत काऊन नाही? आमाले कसं समजन?" तुम्ही गेल्यापासून फळा कोराच आहे, बाबा. मला भर चौकात रडू आलं.

एक अजून लपवलंय. पहिलं उत्तर द्यायला फोन उघडला, तेव्हा तिथे तुमचं अर्धं वाक्य होतं, न पाठवलेलं. "मारिया, तुमच्या पुढाऱ्यांबद्दल तुमचं म्हणणं मला पटतं, पण" एवढंच. ते पुसून मी माझा मजकूर टाकला. पण काय, बाबा? तीस वर्षांत पहिल्यांदा तुम्ही त्यांचं ऐकत होता आणि ते मीच पुसलं!

आता शब्द देते. उद्या सकाळी फळ्यावर लिहीन, "मारियाबाईंचा निरोप नाही", आणि येईपर्यंत रोज लिहीन. आज मात्र हे पत्र संपलं की तुमचं वाक्य जसंच्या तसं, 'पण'पर्यंत, तुमचं म्हणून पाठवते. पुढचं मी जुळवणार नाही. त्यांच्याकडे लाईट येईल तेव्हा माझ्या निरोपाखाली तुमचा असेल. तुमच्याशी भांडायला तरी त्या फोन उघडतील ना हो?

तुमची,
मंदा