उजवी बाही

१२ मे
फ्रेया माहेरी, डेन्मार्कला गेली. नितीन एअरपोर्टला सोडायला गेला. मला नेलं नाही. बाबा, ऊन आहे, पार्किंग लांब असतं, म्हणे. या वेळी दोन मोठ्या बॅगा. डेन्मार्कच्या क्रिकेट टीमचा कॅम्प म्हटला की दरवर्षी एक किट बॅग आणि पाठीवर सॅक, एवढंच असतं. विचारलं, एवढं काय घेतलंस ग? म्हणाली, "बाबा, तिकडे थंडी." मे महिन्यात थंडी. असेल.

जर्सी या वर्षी माझ्याकडे आणली नाही. ती उजव्या हाताने बोलिंग टाकते, उजवा खांदा डाव्यापेक्षा भरलेला. तयार जर्सी काखेत आवळते. मी शिवण उसवून काखेत कळी, म्हणजे जादा कापडाचा तुकडा, टाकून देतो, मग हात वर गेला तरी कापड ओढत नाही. म्हणाली, नवी जर्सी तिकडेच मिळेल. मी म्हटलं, मग तिकडे कोण करून देईल?  दारात मला धरून उभी राहिली. कुकरची शिट्टी झाली तरी सोडलं नाही.

नंतर शेगडी बंद केली का ते दोनदा पाहिलं. केली होती.

१५ मे
पोचली म्हणतात. मेसेज नितीनला आला, मला नाही. एरवी उतरल्याबरोबर मला व्हिडिओ कॉल करते, सामान येतं तो पट्टा दाखवते. कामात असेल. बीपी जरा वर. नितीनला सांगितलं नाही, लगेच डॉक्टरची अपॉइंटमेंट काढतो.

२० मे
तळ्यावर कुलकर्णी भेटले. पुण्याचे, बँकेतून रिटायर, इथे परदेशात मुलीकडे असतात. बोलणं अजून काउंटरच्या पलीकडून बोलल्यासारखं.
"इंगोले, तुमच्या सूनबाई टीव्हीवर! गादीवर उड्या मारत होत्या."
"जाहिरात आहे ती."
"ते कळलं हो. सासरा पण आहे त्यात. तुमच्यापेक्षा देखणा."

घरी येऊन टीव्हीसमोर बसून राहिलो. दुपारी लागली. फ्रेया, एक खोटा नवरा (आपल्याकडचाच दिसतो, नितीनहून उंच), एक लहान मुलगी आणि कुर्ता घातलेला म्हातारा. गादीवर सगळे हसतात. फ्रेया म्हाताऱ्याला चहा देते, तो बशीत ओतून फुंकर मारतो. गादीवाल्यांना बशी कशी सुचणार? हिनेच सांगितलं असणार. आमच्या घरात बशीत मीच पितो. नितीनला लाज वाटते, ती मात्र माझ्यासमोर बसून तशीच प्यायची आणि हनुवटीवर सांडायची.

बरं वाटलं. म्हाताऱ्याच्या कुर्त्याची कॉलर मात्र वाकडी बसली आहे.

२ जून
क्रिकेट नसतं तेव्हा फ्रेया ॲक्टिंग करते. तिची सिरीयल आली. गुराढोरांच्या डॉक्टरचं काम आहे. आतापर्यंतचं सगळ्यात मोठं काम, नाहीतर हॉटेलात मागच्या टेबलावर बसायचं, रस्ता ओलांडायचा, असलंच मिळायचं. कुलकर्णींनी आधीच फोन केला, "तिसरा भाग बघू नका." म्हणून बघितला. नदीत घोडा बुजतो आणि ती वाहून जाते. पुढचं पाहवलं नाही, टीव्ही बंद केला. मेल्याची खोटी बातमी आली की आयुष्य वाढतं, असं आई म्हणायची. त्यात सिनेमा धरतात का कुणास ठाऊक.

न राहवून फोन लावला. उचलला!
"बाबा, मी मेली नाही. मी बटाटे खाते."
हसली. मीही. मग विचारलं, परत कधी? हसणं थांबलं. "मॅच झाल्या की बघू." हा 'बघू' नितीनचा आहे. त्याच्याकडूनच शिकली. तो बघू म्हणाला की ती गोष्ट होत नाही.

२४ जून
फोन नाही. मी केला तर लागत नाही किंवा दोन मिनिटांत "प्रॅक्टिस, बाबा". नितीनला विचारलं, तुमचं काही बिनसलंय का? "काही नाही. तुम्ही गोळी घेतली का?" माझ्या प्रत्येक प्रश्नावर त्याच्याकडे गोळी असते. उभ्या उभ्या जेवतो हल्ली. ताट ओट्यावर आणि डोळे फोनमध्ये.

५ जुलै
आज मॅच. तिकडची दुपार म्हणजे इथली सकाळ. नितीनने ऑफिसला जाताना लॅपटॉपवर लावून दिली. मी माझ्या नेहमीच्या खुर्चीत. तिच्या मॅचला मी ती खुर्ची बदलत नाही, उठतही नाही. मागे एकदा पाणी प्यायला उठलो आणि तिच्या बोलिंगवर कॅच सुटला.

एकच कॅमेरा, तोही लांबून. टोपीत सगळ्या पोरी सारख्या. मी नाव शोधत होतो. इंग्रजी मला वाचता येत नाही, पण मोठी अक्षरं ओळखतो. अमरावतीला दुकानात शाळेच्या गणवेशावर पोरांची नावं धाग्याने भरून द्यायचो. इंगोले म्हणजे आय, मग एन, मग जी. एकेक पाठ बघितली. इंगोले कुठेच नाही.  लागलं असेल तिला. खांदा असेल. नाहीतर काढून टाकलं असेल, सिरीयलसाठी कॅम्प चुकवला म्हणून. नितीनला फोन लावला, उचलला नाही. परत लावला. नाही.

मग एक पोरगी बोलिंगला आली. पाठीवर चार-पाच अक्षरं, पहिलं एच. मी नीट बघतही नव्हतो, फोन हातात होता. तिने हात वर नेला आणि जर्सी उजव्या बाजूने कमरेपासून उचलली गेली. बॉल टाकून झाल्यावर तिने डाव्या हाताने काखेतलं कापड खाली ओढलं. पुढच्या बॉललाही तेच. काखेत आवळत होतं.

कळलं. ती होती.

एच म्हणजे तिच्या माहेरचं नाव. लग्नपत्रिकेवर छापलं होतं.

दोन विकेट घेतल्या तिने. इंग्रजीत मॅच सांगणाऱ्याने तिचं नाव सरळ घेतलं. एरवी इंगोले म्हणताना अडखळायचा. नितीन आणि मी त्याला हसायचो.

दुपारी नितीनचा फोन आला. "काय झालं बाबा? छातीत दुखतंय का?"
म्हटलं, तिच्या पाठीवर नाव दुसरं आहे.
 मागे ऑफिसातलं कुणीतरी हसत होतं. मग म्हणाला, "मी घरी येतो."

६ जुलै
काल लिहायला बसलो आणि अर्ध्यात थांबलो. आता बाकीचं.

नितीन आला. बूट न काढता सोफ्यावर बसला. मार्चमध्येच कागद झाले म्हणे. भांडण नाही, तिसरं माणूस नाही. "ती कधी घरी होती बाबा? उन्हाळ्यात डेन्मार्क, मग शूटिंग, मग जिम. मला घर पाहिजे होतं, तिला दोन्ही कामं. मी क्रिकेट सोड म्हणालो, ती म्हणाली मग तू जॉब सोड. हसत हसत म्हणायचो आधी. मग हसणं गेलं."
मी म्हटलं, मला कोणी सांगितलं का नाही?
"तुमच्या हार्टमध्ये स्टेंट टाकला होता. कसं सांगणार?"
चिडलो. मी काय लहान आहे? तो म्हणाला, "डॉक्टरांनी टेन्शन देऊ नका म्हटलं होतं, यार बाबा." यार म्हणाला आणि रडायला लागला. एवढा घोडा. त्याची आई गेली तेव्हाही माझ्यासमोर रडला नव्हता.

त्याच्या पाठीवर हात ठेवला.  पोळ्या केल्या. दोघांनी अर्धी अर्धी खाल्ली.

७ जुलै
एक गोष्ट आज सकाळी चालताना लक्षात आली आणि बाकावर बसावं लागलं. जानेवारीत हॉस्पिटलातून आलो तेव्हापासून ती खाली माझ्या शेजारच्या खोलीत झोपायची. मला वाटायचं, माझी काळजी. बाबा, हाक मारली की मी येते, असं म्हणायचीच ती.

नितीनला विचारलं. तुमचं ठरलं कधी?
"दिवाळीनंतर. जानेवारीत जाणार होती."
मग ती तेव्हाच गेली का नाही?
तो डबा भरत होता. "म्हणाली, बाबा चालायला लागले की जाईन."

एप्रिलमध्ये तळ्याला पूर्ण फेरी मारली, तेव्हा ती फाटकाजवळ उभी होती. टाळ्या वाजवल्या. चालणारी माणसं वळून बघायला लागली. मी लाजलो. आणखी एक फेरी मारून दाखवू का, असं म्हटलं होतं मी.

९ जुलै
नितीन म्हणतो, थोडे दिवस तिला फोन करू नका. तिलाही मी तेच सांगितलंय. तुम्ही दोघं बोलणार, तुम्ही मला सांगणार ती काय जेवली, मला ते ऐकवत नाही. मला सावरू द्या.
हो म्हटलं. पोराचा चेहरा बघून हो म्हटलं.
थोडे दिवस म्हणजे किती, ते विचारायचं राहिलं.

१६ जुलै
कुलकर्णींना सांगितलं. नाही तरी विचारत होतेच, सून कधी येणार. त्यांनी मान हलवली. "कायद्याने आता तुमचं काही नातं उरलं नाही, इंगोले."
मी म्हटलं, घटस्फोट नवऱ्याचा झाला. सासऱ्याचाही होतो का हो? मला कुणी सही मागितली नाही.
  कुलकर्णी तळ्यातली बदकं दाखवत राहिले.

२८ जुलै
फोन हातात घेतो, तिचा फोटो येतो, ठेवून देतो. तिला वाटत असेल, म्हातारा मुलाच्या बाजूने झाला. किंवा काहीच वाटत नसेल. गोरी माणसं लवकर सावरतात असं कुलकर्णींची मुलगी म्हणाली. तिला काय माहीत? आमच्याकडची ही गोरी पोरगी पिठलं करपलं म्हणून रडली होती.

औषधाची बाटली पडून फुटली. काच पायात गेली का ते बघत बसलो. नव्हती.

३ ऑगस्ट
बातम्या बघत होतो, नितीन शेजारी. मधेच गादीची जाहिरात लागली. तोच खोटा नवरा, तीच मुलगी, म्हातारा, बशी. फ्रेया त्याच्या पायाशी बसून हसते. नितीनने रिमोट उचलला. मला वाटलं, चॅनल बदलणार. नाही बदललं. आवाज बंद केला आणि शेवटपर्यंत बघितलं. मग म्हणाला, "तो माणूस मला भेटलाय एकदा. चांगला आहे. बायकोपोरं आहेत."
मी म्हटलं, आणि म्हातारा?
"म्हातारा काय?"
काही नाही, म्हटलं.
मला त्या म्हाताऱ्याचा राग येतो. तो पैसे घेऊन बसला आहे तिथे, तरी येतो.

२२ ऑगस्ट
शेजारच्या खोलीत नितीनने ऑफिसचं टेबल लावलं. पलंग उभा करून गॅरेजमध्ये. गादी उचलायला मी हात लावला तर ओरडला, "बाबा, स्टेंट!" भिंतीवर तिने खिळा ठोकला होता टोपी अडकवायला. नितीनने तो पकडीने उपटला. भोक बुजवायला काहीतरी पांढरं आणलं आहे, अजून लावलं नाही. रोज जाता-येता भोक दिसतं.

कुलकर्णी वहिनींनी ब्लाउज शिवायला दिला होता. परत केला. हात चालत नाही.

९ सप्टें.
कुलकर्णींनी फोनवर बातमी वाचून दाखवली. फ्रेया क्रिकेट सोडते आहे. डेन्मार्ककडून आता खेळणार नाही, कारण खांदा. इथे अटलांटाला एका सिरीयलमध्ये मोठं काम मिळालं आहे, पहिल्या भागापासून शेवटपर्यंत. म्हणजे मरणार नाही.
आनंद व्हायला हवा होता. मी खांद्यापाशीच अडकलो. किती दुखत असेल? ऑपरेशन सांगितलं असेल का? तिकडे कोण शेकून देणार? ती बर्फ लावते, मी किती वेळा सांगितलं, शेक घे.

रात्री जेवताना हिंमत केली. नितीन, एकदाच फोन करू का? खांद्याचं विचारतो फक्त. बाकी काही बोलणार नाही.
नितीनने वरण वाढून घेतलं. बसून जेवत होता आज. "बघू," म्हणाला.

११ सप्टें.
जेवायला बसलो होतो. माझा फोन वाजला. टेबलावर मधोमध होता, नितीनकडे तोंड करून. तिचा फोटो त्यालाच आधी दिसला.

नितीननेच तिला कळवलं, की तिने आपणहून केला, मला माहीत नाही. विचारलं नाही.

नितीन म्हणाला, "घ्या."
मी हात पुढे केला. तो म्हणाला, "नका, थांबा." मी थांबलो. फोन वाजतच होता. मग खुर्ची मागे सरकवून उठला, भाताचा हात तसाच घेऊन मागच्या अंगणात गेला. काचेचं दार ओढलं, पण पूर्ण लागलं नाही, फट राहिली. तिथेच पाठ करून उभा राहिला, आत ऐकू येईल इतक्या जवळ.

मी फोन उचलला.
हॅलो म्हणालो.  तिकडून नुसता श्वास ऐकू येत होता, मागे कुठेतरी वारा. खांद्याचं विचारायचं होतं. सगळे प्रश्न पाठ करून ठेवले होते. दाराच्या फटीतून नितीनचा उष्टा हात दिसत होता, भात वाळत चाललेला.

"फ्रेया," मी म्हटलं, "बेटा, बोल. मी आहे."