म्हातारपणासाठी ठेवलेल्या बाटल्या

३ जून, सकाळ
आज उगाचच ते आठवलं. या घरात आलो त्या दिवशी सामान वाटेत अडकलं होतं. ओट्यावर एक कप, एक बशी. मी कपातून चहा प्यायले, हे बशीतून. हे फुंकर घालायला गेले आणि सगळा चहा माझ्या मांडीवर. मग दोघं जमिनीवर बसून वेड्यासारखे हसत सुटलो. कशाला, कोण जाणे. तेव्हा गावात क्षणसाठवण केंद्र निघालं नव्हतं, म्हणून हा क्षण डोक्यातच पडून राहिला. बाटलीत भरण्यासारखं त्यात होतं तरी काय म्हणा.

माझे खरे क्षण केंद्रात आहेत. अख्खा कप्पा भरून. बूच काढायचं, क्षण आत येऊ द्यायचा, बूच लावायचं. लावणाऱ्याच्या डोक्यातून तो गेला, हाती फक्त चिठ्ठी. पुढे कधी बाटली उघडली की खोलीतल्या सगळ्यांना दिसतो. एकदाच. म्हणून तर म्हातारपणासाठी ठेवलेत. कॉन्व्हेंट शाळेत सिस्टर सांगायच्या, चांगलं ते जपून वापरावं. लग्नातल्या चांगल्या कपबश्या मी अजून काढलेल्या नाहीत.

५ जून
डॉक्टरांकडे रिपोर्ट दाखवला. पोटात गाठ आहे, ऑपरेशन लांबवू नका म्हणाले. न्हाव्याला विचारलं तर तो केस वाढवा म्हणेल का? मी ठणठणीत आहे. हे मात्र परतताना दोनदा चुकीच्या गल्लीत वळले. यांच्या तब्येतीकडे बघायला हवं.
संकल्प: काळजी करायची नाही. रोज दोनदा जिना चढायचा.

६ जून
जिना राहिला. गुडघा.

८ जून
लेकीचा फोन. आधी रडली. मग म्हणाली, आई, समुद्रावर बाबांची चप्पल वाहून गेली होती, आठवतं का गं? मी म्हणाले, आठवतं तर! चिठ्ठी काढून पाहिली. ‘समुद्र, सगळे’ एवढंच. चप्पल मला नवीनच.
तिच्या लक्षात आलं. म्हणाली, तुला ना आई, कधीच काही आठवत नाही. मी म्हणाले, आठवत नाही असं नाही, ठेवलंय. ती म्हणाली, हो, ठेवलंयस. मग फोनही ठेवला.

११ जून
नणंदबाई भेटायला आल्या. बाईंची बाटली केंद्रात आठवडाभर टिकत नाही. सोमवारी ठेवली की बुधवारी शेजारणीला बोलावून उघडली. उधळपट्टी! मला म्हणतात, वहिनी, त्या बाटल्या किती दिवस उबवणार? पिल्लं निघायची आहेत का? मी म्हणाले, योग्य वेळ आली की काढीन. तर म्हणाल्या, ऑपरेशनच्या आधी येणारे का ती वेळ, की नंतर? जिभेला हाड नाही बाईच्या.
चहा दिला. रोजच्याच कपात.

१४ जून
ठरलं. रविवारी लेक-जावई येतायत, तेव्हा बाटल्या उघडायच्या. ऑपरेशनशी याचा काही संबंध नाही. सगळे जमतायत, एवढंच. सगळं मला परत मिळेल आणि लेकीलाही कळेल की आई काय जपत होती.
यांना सांगितलं तर चष्मा पुसत बसले. म्हणाले, राहू दे ना, पत्ते खेळू. मी म्हणाले, अहो, आयुष्याची पुंजी आहे ती! म्हणाले, मग असू दे की तिथेच, सुरक्षित आहे. घाबरलेत बिचारे. मलाच खंबीर राहायला हवं.

१६ जून
केंद्रात गेलो. थंडगार तळघर, रबराचा आणि ओल्या पुठ्ठ्याचा वास. खिडकीवरची मुलगी म्हणाली, काकू, तुम्ही आणि काढायला? मी तर समजले होते, तुमची फक्त आवक आहे. बाटल्या टॉवेलात गुंडाळून खोक्यात भरल्या. टॅक्सीत खोकं मांडीवर धरून हे खिडकीबाहेर बघत होते.
रात्रभर झोप नाही. आनंदाने असेल.

१९ जून, रविवार, संध्याकाळ
पहिली बाटली, ‘पहिलं पाऊल’. खोलीभर जुनं ऊन पडलं. आणि त्यात मी. भलामोठा माझा चेहरा, कपाळाला आठ्या. अगं थांब, इतक्यात पाऊल टाकू नकोस, बूच निघत नाहीये! अहो, धरा तिला! मग माझा अंगठा. संपलं.
‘बक्षीस’. टाळ्या ऐकू येतायत. मी बाटलीत डोकावून म्हणतेय, आत गेलं का?
‘समुद्र’. मागून हे ओरडतायत, अगं चप्पल, चप्पल! आणि मी म्हणतेय, कुणी हलू नका.
बाटलीचं तोंड प्रत्येक वेळी माझ्याकडेच. पाऊल नाही, बक्षीस नाही, समुद्र नाही.
जावई शहाणा. पाणी प्यायला उठून गेला. मी यांना विचारलं, तुम्हाला ठाऊक होतं? हे म्हणाले, मी होतो ना तिथे.
चौथीला हात घातला तर लेकीने मनगट धरलं. म्हणाली, नको, बाकीच्या उघडू नकोस. मी म्हणाले, आता कशाला ठेवायच्या, त्यात माझ्या तोंडाशिवाय काही नाही. ती म्हणाली, म्हणूनच. आणि खोकं उचलून आपल्या पिशवीशेजारी ठेवलं.
चांगल्या कपबश्या काढायच्या राहूनच गेल्या.

२१ जून, दुपार
उद्या ऑपरेशन. किरकोळच आहे. तरी लिहून ठेवते, उगाच.
उरलेल्या बाटल्या लेकीला. उघडायच्या की नाही, तिचं तिने ठरवावं. तीन रिकाम्या केंद्रात परत कराव्यात. खिडकीवरच्या मुलीला सांगावं, काकूंनी काढल्या. चांगल्या कपबश्या नणंदबाईंना. त्या दुसऱ्याच दिवशी वापरायला काढतील. काढू देत.
बशीचा क्षण यांच्या नावे करावा म्हणून सकाळी यांना सांगायला घेतला. हे म्हणाले, चुकतेस. बशी तुझ्याकडे होती, कप माझ्याकडे. फुंकर तू घातलीस, भिजलो मी.
म्हणजे जो एक डोक्यात ठेवला होता, तोही असा.
आम्ही भांडलो. मग हसलो. पोटात दुखेस्तोवर. माझ्या तर खरंच दुखलं.
तर, तो कप यांना. बशी कुणाला द्यायची नाही. आल्यावर मला लागेल.