पाचला घरी जेवणारा बाप

अण्णा, आज दुपारी ऑफिसात शेजारी बसणाऱ्या पोरीवर मी जाम जळले. इथं परदेशात, पाया लेबार भागात आमचं ऑफिस, जेवायला आम्ही दोघी जवळच्या हॉकर सेंटरला, म्हणजे इथल्या खाऊगल्लीत, जातो. ती नॉर्वेची. सांगत होती, तिचा बाप शेतकरी, वर लाकडाची घरं बांधणारा, आणि पुढे गावच्या राजकारणात पडलेला. मी चमचा खाली ठेवला. म्हटलं, अगं बाई, हे तर आमचे अण्णाच! तर ती हसत म्हणाली, "आमच्याकडे संध्याकाळी पाचला जेवण. बाबा भर सभेतून उठायचे. म्हणायचे, घरी बटाटे गार होतायत, मी निघालो."

बटाटे! आणि तुमची भाकरी? आई ती परत परत शेकायची, शेवटी कडक होऊन गाईपुढे जायची. तुम्ही पहाटे कांद्याला पाणी देणार, मग थापी-ओळंबा घेऊन कुणाच्या तरी भिंतीवर चढणार, आणि सरपंच झाल्यापासून तर संध्याकाळसुद्धा गावाची. कुणाचीही चौकट बसायची असली की तुम्हीच पाहिजेत. हळदकुंकू लागलं, नारळ फुटला, की घरधनी तुम्हाला टॉवेल-टोपी देतो आणि तुम्ही त्याच्या पोरीला उचलून उंबऱ्याच्या आत नेता. मी बाजूला उभी. असा संताप यायचा! आपल्या मागच्या खोलीला चौकटच नव्हती, गोणपाटाचा पडदा होता. एकदा विचारलं, "आपली कधी बसवायची?" तर खेकसलात, "लोकं उघड्यावर पडलीत आणि तुला चौकट सुचतीय?"

गावात अजून म्हणतात, तुझ्या बापानं गाव उभं केलं. म्हणू देत. मला नाही त्याचं कौतुक. पंचेचाळिशी उलटली, इथं बेडोक भागात स्वतःचा फ्लॅट झाला, तरी त्या गावाचं नाव निघालं की माझ्या पोटात दुखतं.

तुम्ही दुसऱ्यांदा निवडणुकीला उभे राहिलात तेव्हा माझं पहिलंच मत. कॉलेजातून मुद्दाम बोलावून घेतलंत. शाळेबाहेर लोकांना हात जोडत होतात, मला बघून मिशीतल्या मिशीत हसलात. आत कागदावर तुमची खूण, कपबशी, समोरच होती. डोक्यात एकच, हे पडले तर घरी येतील. मी शिक्का दुसऱ्याच्या खुणेवर मारला.

तुम्ही पडलात, तेही थोडक्या मतांनी. निकालाच्या दिवशी दिवेलागणीलाच घरी आलात, माझ्या शेजारी पाटावर बसलात आणि आईला म्हणालात, "गाव फिरलं, फिरू दे. घरची मतं तर कुठं गेली नाहीत?"

मी 'नाही' म्हणून मान हलवली. अण्णा, तेव्हा मला वाईट वाटायला हवं होतं. नाही वाटलं. तुम्ही जवळ बसला होतात आणि मी खूश होते. तुम्ही आज हयात असतात तर हे लिहायची माझी छाती झाली नसती.