सदस्य क्रमांक अकरा

९ ऑक्टो. २००६, सोम. रीडिंग, इंग्लंड
आमचा क्लायंट असलेल्या एका छोट्या बेटाच्या विधिमंडळाच्या क्लार्कचा फोन. त्यांची सदस्ययादी आमच्या कंपनीच्या सिस्टिमवर. यादीत नाव असेल तरच सभागृहाचं कार्ड चालतं. म्हणाला, मिसेस लॅम्ब, क्र. ११, सीट रिकामी दाखव. तारीख मागच्या महिन्याची टाक. कारण? "शी हॅज रिझाइन्ड." कागद? "येतोय."
शुक्रवारी तिथे मुख्यमंत्र्यांवर अविश्वास ठराव. बाजूने आठ, विरोधात सात. लॅम्ब गेल्या की सात-सात. मग सभापतींचं निर्णायक मत. सभापती मुख्यमंत्र्यांचे.
कागदाशिवाय नाही, म्हटलं.

१० ऑक्टो., मंगळ
मॅनेजर कीथ टेबलाशी आला. "क्लायंटशी वाद कशाला? एक टिक तर आहे." जाताना, सहज : "तुझं वर्क परमिटचं लेटर या आठवड्यात सही करतो."
परमिट नोव्हेंबरात संपतं.
लंचला मृणाल (शेजारच्या डेस्कवरची, नागपूरची) : "अगं, बेट त्यांचं, भांडण त्यांचं. तू काय लोकशाहीची वॉचमन आहेस का?" हसले.

११ ऑक्टो., बुध
कागद नाही. क्लार्क ईमेल करत नाही, फक्त फोन. आज तीनदा. वेळा लिहून ठेवल्या.
आईला सांगितलं, परमिट झालं समज.

१२ ऑक्टो., गुरु
आठला पोचले. यादीत चौदा नावं. बदल काल सायं. ६.४०, युझर : मी. ६.४० ला मी बसमध्ये होते.
सिस्टिमचं लॉगिन-लायसन्स एकच, माझ्या नावावर, वापरते सगळी टीम. पासवर्डची पिवळी चिठ्ठी मॉनिटरवर मीच चिकटवलेली.
मृणालला विचारलं. कपात बघत म्हणाली, "मला नको ना विचारूस, प्लीज."
लॉग प्रिंट केला. कीथकडे गेले. तो मीटिंगमध्ये. दिवसभर.

१३ ऑक्टो., शुक्र
सकाळी टेबलावर पाकीट. लेटर. सही झालेली.
२.१० ला हेल्पलाइनवर फोन. बाईंचा आवाज, दमलेला. "मी लॅम्ब. माझं कार्ड चालत नाही. मी राजीनामा दिलेला नाही. क्लार्क म्हणतो, यादी रीडिंगला असते. आत मतदानाला वीस मिनिटं आहेत. तुम्हीच सांगा, मी सदस्य आहे की नाही?"
त्यांना होल्डवर ठेवलंय. स्क्रीनवर क्र. ११ उघडलाय. परत घातलं तर लॉगमध्ये पुन्हा माझंच नाव लागेल. या वेळी खरंच माझं.
कीथ काचेतून इकडेच बघतोय. २.१३.