बाबांनी पाहिलेलं चॅनेल

प्रिय ताई,

नमस्कार. इथे अमेरिकेत, एडिसनला थंडी खूप आहे, पण आम्ही मजेत आहोत. आईचा गुडघा कसा आहे?

शुक्रवारी आमचं चॅनेल बंद झालं. तेच, युरोपात रात्री दिसणारं, फक्त मोठ्यांसाठीचं. मी नोकरीला लागलो तेव्हा अशी वीसेक चॅनेल्स होती, लोक डिशसाठी खास कार्ड विकत घ्यायचे. आता फोनवर सगळं फुकट मिळतं. इतकी वर्षं इथून सिग्नल मीच पाठवायचो, बंदही मीच केला. कंपनी दुसरं काम देतेय, तेव्हा आईला काही बोलू नकोस.

बाबांना मी चॅनेलचं नाव बिनधास्त सांगितलं होतं, कारण भारतात ते दिसायचंच नाही. ते ग्रुपबरोबर युरोप टूरला जातील, असं कुणाला वाटलं होतं? परत आल्यावर त्यांनी माझ्या कामाबद्दल एकदाही विचारलं नाही. मला वाटलं, तिथे त्यांनी ते पाहिलं आणि आता त्यांना माझी लाज वाटते. मग मीच फोन कमी केले. आठ वर्षं, ताई. ते गेले तेव्हाही मी दोन दिवस उशिरा पोचलो.

काल तू पाठवलेली त्यांची टूरची डायरी उघडली. जन्मभर लोकांचे टीव्ही दुरुस्त करणाऱ्या आपल्या बाबांनी पॅरिसच्या पानावर एवढंच लिहिलंय: "हॉटेलात सिद्धूचं चॅनेल लागलं. कार्यक्रम बघण्यासारखा नाही. चित्र मात्र स्वच्छ, मुंग्या अजिबात नाहीत. पोराचं काम चोख."

त्यांनी फक्त माझं काम पाहिलं होतं गं.

आईला नमस्कार सांग. बाबांचा टीव्ही तपासायचा मीटर भंगारात देऊ नकोस, मला हवाय.

तुझा,
सिद्धू